नाकातली नळी की पोटातली? घरच्यांवर ठरवायची वेळ आली तर

बाबांना अर्धांगवायूचा झटका आला त्याच्या दुसऱ्याच दिवशी वॉर्डातल्या सिस्टर मला बाजूला घेऊन म्हणाल्या, "ताई, ह्यांना तोंडाने काही द्यायचं नाही हं, घोटभर पाणीसुद्धा नाही. आरटी टाकलीय." आरटी म्हणजे राइल्स ट्यूब, नाकातून पोटात जाणारी नळी, हे मला शेजारच्या पलंगावरच्या पेशंटच्या बायकोकडून कळलं. सात आठवड्यांनी तपासणीला गेलो तेव्हा डॉक्टर म्हणाले, "आता पेग करून घ्या." पेग म्हणजे पोटाला छोटं छिद्र पाडून थेट जठरात बसवलेली नळी. दादा तिथल्या तिथे म्हणाला, "बाबांच्या पोटाला भोक? नको." आईने एवढंच विचारलं, "पण डॉक्टर, ह्यांना भूक लागलेली कळेल का हो?"

त्या दिवशी सही न करताच घरी आलो. दोन आठवड्यांनी केली. ते दोन आठवडे बाबांना उगाच सोसावे लागले असं मला आजही वाटतं. दोन्ही नळ्या शेजारी शेजारी ठेवून आम्हाला कुणी समजावलं असतं तर सही त्याच दिवशी झाली असती. ते काम इथे करते आहे. मी डॉक्टर नाही. बाबांच्या नळीशी वर्षभराहून जास्त काळ रोजचा संबंध आला, नंतर आत्याच्या वेळी आम्ही अगदी उलट निर्णय घेतला, आणि या सगळ्या काळात डॉक्टर, आहारतज्ज्ञ, स्पीच थेरपिस्ट यांना प्रश्न विचारून भंडावून सोडलं. त्या जोरावर लिहिते आहे. तुमच्या पेशंटबाबत शेवटचा शब्द त्याच्या डॉक्टरांचाच.

नळी काय करते, आणि काय करत नाही

घास गिळणं आपल्याला सोपं वाटतं, पण त्या क्षणी जीभ, घसा, स्वरयंत्र सगळ्यांनी ठरलेल्या क्रमाने काम करावं लागतं. झटक्यानंतर तो क्रम चुकतो आणि पाणी अन्ननलिकेऐवजी श्वासनलिकेत शिरतं. निरोगी माणसाला ठसका लागतो. मेंदूच्या पेशंटला कधीकधी ठसकासुद्धा लागत नाही, पाणी गुपचूप फुप्फुसात उतरतं आणि दोन दिवसांनी ताप येतो. म्हणून तोंड बंद आणि नळी चालू.

नळी अन्न, पाणी आणि औषधं पोहोचवते. गिळणं सुधारत नाही. ते सुधारायचं काम स्पीच थेरपिस्टचं. (नाव बोलण्याचं असलं तरी गिळण्याचे व्यायाम तेच घेतात. आम्हाला हे कळायला महिना गेला.) दुसरं, नळी घातली म्हणजे न्यूमोनियाचा धोका टळला असं होत नाही. स्वतःची थुंकी श्वासनलिकेत जाऊ शकते, पोटातलं अन्न उलटून वर येऊ शकतं. नाकातली असो की पोटातली, या बाबतीत दोघी सारख्याच. त्यामुळे पेशंट तोंडाने काही खात नसला तरी त्याचे दात, जीभ, हिरड्या दिवसातून दोनदा तरी साफ करा. न खाणाऱ्याचं तोंड उलट जास्त घाण होतं, आणि तीच घाण छातीत उतरते.

आता मुख्य मुद्दा. कोणती नळी, हे ठरवायला आधी एकच गोष्ट विचारा: "डॉक्टर, नळी अंदाजे किती दिवस लागेल?" चार आठवड्यांच्या आत काम भागणार असेल तर नाकातली. त्याहून जास्त लागणार हे दिसत असेल तर पोटातलीचा विचार व्हायला हवा, असा जगभरातल्या तज्ज्ञांचा साधारण संकेत आहे. काही ठिकाणी चार, काही ठिकाणी सहा आठवडे धरतात. बाकी सगळे मुद्दे याच्यानंतर येतात.

नाकातली नळी

इंग्लंडमधले डॉक्टर जॉन राइल यांनी १९२१ च्या सुमारास ही नळी आणली, म्हणून राइल्स ट्यूब. आपल्याकडे मोठ्या माणसाला सहसा १४ किंवा १६ नंबरची घालतात. नंबराला ३ ने भागलं की जाडी मिलिमीटरमध्ये मिळते, म्हणजे १६ नंबरची नळी पाच मिलिमीटरहून थोडी जाड. ती नाकपुडीतून घशामागून पोटात जाते. भूल लागत नाही. पलंगावरच पाच-दहा मिनिटांत होतं. पेशंट शुद्धीत असेल तर त्याला उमासे येतात, डोळ्यांतून पाणी येतं. गिळायला सांगत सांगत सिस्टर नळी आत सरकवतात. नळी स्वस्त असते, लगेच बसते, नको झाली की ओढून काढता येते. पहिल्या काही दिवसांसाठी याहून सोयीचं काही नाही.

अडचण पुढे सुरू होते. साध्या प्लॅस्टिकची नळी पोटातल्या आम्लाने कडक होते, म्हणून साधारण आठवड्याने बदलतात. सिलिकॉनची किंवा पॉलियुरेथेनची घेतली तर ती मऊ, बारीक आणि चार ते सहा आठवडे टिकणारी. पैसे जास्त पडतात, पण घशाला आराम केवढा! ही नळी मिळते हेच आम्हाला तिसऱ्या आठवड्यात कळलं. तुम्ही पहिल्याच दिवशी विचारा.

बाबांचा उजवा हात गेला होता, डावा चांगला होता. रात्री अर्धवट झोपेत तो डावा हात नाकाकडे जायचा. सात आठवड्यांत त्यांनी नळी नऊ वेळा उपसली. दर वेळी रिक्षा, दवाखाना, पुन्हा तीच नाकपुडी, दोनदा रक्त. सहाव्या वेळेनंतर कुणीतरी सल्ला दिला म्हणून आम्ही त्यांचा चांगला हात मऊ फडक्याने पलंगाच्या दांडीला बांधला. ज्या हाताने ते आईचा हात धरायचे तोच हात. हे लिहितानाही मला त्रास होतो. नाकावरच्या चिकटपट्टीखाली त्वचा सोलवटली होती, नाकपुडीच्या कडेला वाटाण्याएवढी जखम झाली होती. कुणी भेटायला आलं की ते टॉवेल तोंडावर ओढून घ्यायचे.

नळी पुन्हा घातली की ती पोटातच गेली आहे ना, याची खात्री दर वेळी व्हायला हवी. घरी किंवा छोट्या दवाखान्यात सिरिंजने हवा मारून पोटावर स्टेथोस्कोप ठेवतात आणि गुडगुड ऐकू आली की "बरोबर आहे" म्हणतात. एवढ्यावर विसंबू नका. नळी फुप्फुसात गेली असली तरी तसाच आवाज येऊ शकतो. नळीतून थोडं पाणी ओढून ते आम्लकागदावर तपासायचं, सामू (पीएच) ५.५ किंवा कमी आला तर ते पोटातलं. शंका राहिली तर छातीचा एक्स-रे. शिवाय नाकपुडीशी नळीवर मार्करने खूण करून ठेवा आणि प्रत्येक फीडआधी, म्हणजे नळीतून पातळ अन्न देण्याआधी, ती खूण जागेवर आहे का ते बघा. खूण सरकली असेल तर थेंबही देऊ नका.

पोटातली नळी

ही पद्धत १९७९ साली अमेरिकेत क्लीव्हलँडला मायकेल गॉडरर आणि जेफ्री पॉन्स्की या दोन डॉक्टरांनी शोधली. पहिला पेशंट जेमतेम साडेचार महिन्यांचं बाळ होतं. त्याआधी अशी नळी बसवायची तर पोट उघडून शस्त्रक्रिया करावी लागायची. पेगमध्ये ते टळतं. दादाच्या मनात "पोटाला भोक" म्हणून जे चित्र होतं ते त्या जुन्या शस्त्रक्रियेचं.

होतं ते असं. सहा-आठ तास उपाशी ठेवतात. रक्त पातळ करण्याच्या गोळ्या चालू असतील तर त्या आधी काही दिवस थांबवाव्या लागू शकतात. त्या स्वतःच्या मनाने बंद करायच्या नाहीत, हृदयाच्या किंवा मेंदूच्या डॉक्टरांना विचारूनच. रक्त गोठण्याची तपासणी होते, जंतुसंसर्ग टाळायला अँटिबायोटिकचं एक इंजेक्शन देतात. मग झोपेचं औषध देऊन तोंडातून दुर्बीण जठरात नेतात. दुर्बिणीच्या टोकाला दिवा असतो. खोलीतले दिवे मंद केले की तो उजेड आतून पोटाच्या कातडीवर लालसर उमटतो, उसाच्या गाडीवरच्या बल्बला तळहाताने झाकावं तसा. जिथे उजेड स्वच्छ दिसतो तिथे जठर कातडीच्या अगदी जवळ असतं, मध्ये आतडं नसतं. ती जागा बहुधा बरगड्यांच्या खाली, मध्याच्या थोडी डावीकडे. तिथली कातडी सुन्न करून सुमारे एक सेंटिमीटरचा छेद घेतात आणि नळी आतून बाहेर ओढून घेतात. आतल्या बाजूला एक चकती राहते, बाहेर दुसरी, आणि नळी मध्ये पक्की बसते. बाबांचं सगळं पंचवीस मिनिटांत आटोपलं. नळी पेन्सिलीएवढी जाड.

त्या दिवशी आणि दुसऱ्या दिवशी जागा दुखते, पोटाचा जोर लावून खोकलं की कळ येते. साध्या वेदनाशामकाने भागतं. पूर्वी चोवीस तास थांबून मग फीड द्यायचे, आता साधारण चार तासांनी सुरू करतात. बऱ्याच जणांना एक-दोन दिवसांत घरी सोडतात.

धोके आहेत, ते लपवून काही उपयोग नाही. सगळ्यात जास्त दिसतो तो छिद्राभोवतीचा जंतुसंसर्ग: लाली, पू, दुखणं. बहुतेक वेळा ड्रेसिंग आणि औषधाने आटोक्यात येतो. रक्तस्राव, आतड्याला इजा, पोटाच्या पोकळीत अन्न सांडून होणारा गंभीर दाह, हे कमी वेळा घडतं, पण घडू शकतं. म्हणून पहिल्या काही दिवसांत ताप, पोट दगडासारखं कडक होणं, असह्य वेदना, नळीशेजारून रक्त किंवा फीड येणं, यांपैकी काहीही दिसलं तर सकाळची वाट पाहू नका, फीड थांबवा आणि हॉस्पिटल गाठा. पोटात पाणी झालेलं असेल, रक्त गोठत नसेल किंवा तोंडा-घशातून दुर्बीणच जात नसेल तर पेग होत नाही किंवा अवघड होतं. मग एक्स-रेच्या मदतीने किंवा शस्त्रक्रियेने नळी घालायचा पर्याय असतो.

दोन्ही शेजारी शेजारी

दिसण्यापासून सुरुवात करते, कारण हॉस्पिटलात त्याबद्दल कुणी बोलत नाही. नाकातली नळी चेहऱ्यावर असते. पेशंट स्वतःला आरशात बघतो, नातवंडं घाबरतात, माणूस दारात खुर्ची टाकून बसायला तयार होत नाही. पोटातली नळी शर्टाखाली जाते. पेग झाल्यावर चौथ्या दिवशी बाबा स्वतःहून ओट्यावर येऊन बसले आणि शेजारच्या काकांना डाव्या हाताने रामराम केला. माझ्या मते हा मुद्दा खर्चाच्या मुद्द्याइतकाच वजनदार आहे.

गिळण्याच्या व्यायामाला पोटातली बरी, घशात काही रुतून बसलेलं नसतं. आणि पेग झालं म्हणजे तोंडाने खाणं कायमचं बंद, हा समज चुकीचा. थेरपिस्टने परवानगी दिली की नळी असतानाही तोंडाने चमचा-चमचा सुरू करता येतं.

निसटण्याचा प्रश्न मात्र नीट समजून घ्या. नाकातली निघाली तर कटकट आहे, पण जिवावर बेतत नाही, फीड चालू असताना अर्धवट निघाली नाही तर. पोटातली सहसा निघत नाही, पण निघालीच तर घाई करावी लागते. पहिल्या महिन्याभरात जठर आणि पोटाची भिंत एकमेकांना पक्की चिकटलेली नसते. तेव्हा निघालेली नळी कुणीही आंधळेपणाने परत घालू नये, थेट हॉस्पिटल. वाट पक्की झाल्यानंतर निघाली तरी छिद्र काही तासांतच आकसू लागतं, त्यामुळे त्याच दिवशी, शक्यतो दोन-तीन तासांत पोहोचा आणि निघालेली नळी सोबत न्या, तिच्यावरचा नंबर डॉक्टरांना लागतो. जो पेशंट गोंधळलेला आहे, ओढाओढ करतो, त्याच्या पोटावर सैलसर पट्टा किंवा बनियन घालून नळी आत झाकून ठेवा. डोळ्यांपुढे नसलेल्या नळीकडे हात कमी जातो.

खर्चात नाकातली पहिल्या दिवशी कितीतरी स्वस्त. पेगला किट, दुर्बीण, भूल, एखाददुसरा दिवस राहणं असं सगळं येतं. पण आमच्या नऊ वेळच्या फेऱ्या, रिक्षा, नळ्या, एक्स-रे, दादाच्या बुडालेल्या रजा असा हिशोब दोन महिन्यांचा मांडला तर चित्र बदलतं. पेगची नळी नीट सांभाळली तर वर्ष-वर्ष चालते. नंतर बदलून घातलेली फुग्याची नळी (आत चकतीऐवजी छोटा फुगा असलेली) तीन ते सहा महिन्यांनी बदलावी लागते. सरकारी योजनेत किंवा विम्यात बसतं का, हे सही करण्याआधी हॉस्पिटलच्या योजना कक्षात विचारून घ्या.

आईच्या प्रश्नाचं उत्तरही इथेच देते. दोन्ही नळ्यांत अन्न पोटातच जातं, त्यामुळे पोट भरल्याची जाणीव होते, भूकही कळते. जात नाही ती चवीची ओढ. बाबा फोडणीचा वास आला की स्वयंपाकघराकडे बघत राहायचे.

आजार कोणता, यावर बरंच आहे

*अर्धांगवायू.* इथे घाई करू नये, हे मी आवर्जून सांगते. पहिल्या दोन-तीन आठवड्यांत बऱ्याच जणांचं गिळणं आपोआप सुधारतं. २००५ साली लॅन्सेट या वैद्यकीय नियतकालिकात फूड नावाची मोठी चाचणी प्रसिद्ध झाली. तिच्यात झटक्यानंतर लगेच पेग केलेल्यांना नाकातल्या नळीपेक्षा फायदा दिसला नाही, उलट परिणाम जरा वाईटच दिसले. म्हणजे पहिल्या आठवड्यात कुणी पेग सुचवलं तर "थोडं थांबता येईल का?" हे विचारायलाच हवं. आणि महिना उलटूनही घोट उतरत नसेल तर आमच्यासारखं भीतीपोटी थांबू नये. दोन्ही चुका होतात. आपल्या घरांतून दुसरी जास्त होते असं मला वाटतं.

*तोंडाचा आणि घशाचा कॅन्सर.* तंबाखू, गुटखा, मिश्री यांमुळे आपल्याकडे हे पेशंट खूप. रेडिएशन सहा-सात आठवडे चालतं, तिसऱ्या आठवड्यापासून तोंड सोलवटतं, गिळणं म्हणजे निखारा गिळणं होतं. कुणाला नळी लागणार याचा अंदाज डॉक्टरांना आधी बांधता येतो, म्हणून वजन घटायच्या आत, उपचार सुरू होण्यापूर्वीच हे बोलून घ्या. गाठीमुळे दुर्बीण जात नसेल तर एक्स-रेवर बघून नळी घालण्याची पद्धत आहे. आणि रेडिएशनच्या काळात जमेल तितकं तोंडाने गिळत राहायला सांगतात ते ऐका. महिनोन्‌महिने न वापरलेला घसा नंतर आखडतो.

*मोटर न्यूरॉन आजार.* यात स्नायूंना हुकूम देणाऱ्या नसा हळूहळू निकामी होत जातात. इथे उशीर महागात पडतो. आजार वाढतो तशी श्वासाची ताकद कमी होते आणि मग झोपेचं औषध देऊन दुर्बीण घालणं धोक्याचं होतं. फुप्फुसाची क्षमता निम्म्यावर यायच्या आत पेग करून घ्यावं असा सल्ला न्यूरॉलॉजिस्ट देतात. पेशंट स्वतः बोलू-लिहू शकत असतो, निर्णय त्याचाच असू द्या.

*शेवटच्या टप्प्यातला स्मृतिभ्रंश (डिमेन्शिया).* इथे मी नाकातली की पोटातली हा प्रश्न बाजूला ठेवायला सांगेन.

माझी आत्या फोंड्याला असायची. शेवटच्या वर्षी ती कुणालाच ओळखत नव्हती, अंथरुणाला खिळली होती, घास तोंडात धरून बसायची. एका डॉक्टरांनी पेग सुचवलं. आम्हाला बाबांचा अनुभव चांगला होता, त्यामुळे आम्ही जवळजवळ हो म्हटलं होतं. मग वृद्धांचे आजार पाहणाऱ्या दुसऱ्या डॉक्टरांनी आम्हाला अर्धा तास बसवून सांगितलं. या टप्प्यावर नळीने आयुष्य वाढतं, न्यूमोनिया टळतो किंवा शय्याव्रण (पडून राहिल्याने होणाऱ्या जखमा) भरतात, असा पुरावा नाही. उलट पेशंट नळी ओढतो म्हणून हात बांधले जातात. अमेरिकेतल्या वृद्धरोगतज्ज्ञांच्या संघटनेचा सल्लाही हाच आहे: प्रगत स्मृतिभ्रंशात नळी नको, हाताने जपून भरवा.

आत्याला आम्ही बसवून, हनुवटी किंचित खाली करून, छोट्या चमच्याने भरवलं. दाटसर उकडीच्या तांदळाची पेज, तिच्यात लोणच्याचा खार बोटभर. खार लागला की तिचे ओठ हलायचे. पुढचा चमचा मागचा गिळल्यावरच. कधी अर्धी वाटी जायची, कधी चारच चमचे. तोंड फिरवलं की थांबायचं, जबरदस्ती करायची नाही. "उपाशी ठेवलं म्हणतील लोक" ही भीती चुलत बहिणीला होती, मलाही होती. पण त्या टप्प्यावर भूकच मालवत जाते, न खाणं हा आजाराचाच भाग असतो. पाच महिन्यांनी आत्या गेली. हात मोकळे होते.

पेशंटने पूर्वी कधी स्वतःची इच्छा बोलून दाखवली असेल तर ती डॉक्टरांपुढे मांडा. अशी इच्छा आधी लिहून ठेवता येते. सर्वोच्च न्यायालयाने २०१८ साली तिला मान्यता दिली आणि २०२३ साली प्रक्रिया सोपी केली. आता दोन साक्षीदारांसह नोटरीपुढे किंवा राजपत्रित अधिकाऱ्यापुढे सही करून चालतं.

घरी आल्यावर

रोजचं काम दोन्ही नळ्यांत बरंचसं सारखं. पेशंटला ३० ते ४५ अंशांत टेकवून बसवायचं, आडवं असताना फीड नाही. संपल्यावरही अर्धा ते एक तास तसंच. ५० मिलीची सिरिंज घ्यायची, दट्ट्या काढून तिचा नरसाळ्यासारखा उपयोग करायचा, फीड आपल्या वजनाने उतरू द्यायचं. दट्ट्याने ढकललं की पोट फुगतं, उलटी होते. आधी ३० मिली पाणी, नंतर ३० मिली पाणी. हे दुसरं पाणी विसरलात तर नळी तुंबते. तुंबलीच तर कोमट पाणी हलक्या हाताने आत-बाहेर करा. तार, सुई, सोडा-कोला असले प्रयोग नकोत.

किती द्यायचं, हे आहारतज्ज्ञ ठरवतील. मोठ्या माणसाला साधारण किलोमागे २५ ते ३० कॅलरी लागतात. बाबा ५५ किलोंचे, म्हणजे १४०० ते १६५० कॅलरी. आम्ही २५० मिलीची सहा फीड द्यायचो. घरचं चांगलं की डब्यातली पावडर? आमच्या घरी यावर रोज वाद. घरचं स्वस्त आणि मनाला समाधान देणारं: नाचणीचं सत्त्व, मुगाच्या डाळीचं घट्ट वरण, दूध, उकडलेलं अंडं मिक्सरमधून काढून. पण नळीतून जाण्यासाठी ते गाळून, पातळ करून घेतलं की पोट भरतं आणि कस कमी पडतो. दोन महिन्यांत बाबा चार किलोंनी उतरले ते यामुळेच. शेवटी तीन फीड पावडरची, तीन घरची असा तोडगा आहारतज्ज्ञांनी काढून दिला. नाकातली नळी बारीक असेल तर घरचं फीड तुंबवतंच. या मुद्द्यावर पोटातली जाड नळी सरळ जिंकते. केलेलं फीड दोन तासांपेक्षा जास्त उघड्यावर ठेवू नका, उरलेलं लगेच झाकून फ्रिजमध्ये, आणि चोवीस तासांनंतर फेकून द्या. बरेच दिवस उपाशी राहिलेल्या पेशंटला एकदम पूर्ण आहार देणं घातक ठरतं, रक्तातले क्षार कोसळतात. म्हणून पहिल्या दिवसांत डॉक्टर कमी देतात तेव्हा भांडू नका.

औषधांबाबत एक गोष्ट लक्षात असू द्या. प्रत्येक गोळी कुटून देता येत नाही. हळूहळू विरघळणाऱ्या किंवा आवरण असलेल्या गोळ्या कुटल्या तर डोस एकदम जातो किंवा औषध वायाच जातं. औषधांची यादी फार्मासिस्टला दाखवा, "नळीतून द्यायचीत" असं स्पष्ट सांगा, द्रवरूप पर्याय मागा. एकेक गोळी वेगळी द्या, मध्ये थोडं पाणी.

पेगची स्वतःची निगा थोडी वेगळी. जागा रोज साबण-पाण्याने धुऊन कोरडी टिपायची. बाहेरची चकती कातडीवर दाबून बसलेली नसावी, अर्धा ते एक सेंटिमीटर मोकळी असावी. जखम भरल्यावर डॉक्टर दाखवतील तसं आठवड्यातून एकदा तरी नळी दोन-तीन सेंटिमीटर आत सरकवून, गोल फिरवून परत जागेवर आणायची. हे केलं नाही तर आतली चकती जठराच्या भिंतीत रुतत जाते आणि ते सोडवणं फार त्रासाचं असतं. डिस्चार्जच्या कागदावर आम्हाला हे लिहून दिलं नव्हतं. घरी येणाऱ्या सिस्टरनी दाखवलं म्हणून वाचलो. सही करण्याआधीच विचारून ठेवा: नळी कोणत्या प्रकारची, कोणता नंबर, कोण बदलणार, आणि रात्री निघाली तर फोन कुणाला.

नळी निघते तेव्हा

पेग म्हणजे कायमचं, हा दादाचा समज होता. बाबांची अकरा महिन्यांनी निघाली. आधी तीन महिने ते तोंडाने खात होते, पहिल्यांदा दाट केलेलं ताक, मग मऊ गुरगुट्या भात, मग पोळी दुधात कुस्करून. वजन टिकतंय, औषधं तोंडाने जाताहेत, ठसका नाही, एवढं पाहिल्यावर डॉक्टरांनी दुर्बिणीतून आतली चकती काढली. छिद्राला टाका घातला नाही, फक्त जाड ड्रेसिंग. पहिल्या दिवशी थोडं पाणी झिरपलं, तिसऱ्या दिवशी बंद. आता तिथे दुसऱ्या बेंबीसारखा एक खळगा आहे. आंघोळीनंतर बाबा तो डाव्या हाताच्या बोटाने टॉवेलने टिपतात आणि आईला हाक मारतात, चहा टाक म्हणून.